शोहेई ओतानी: चेंडू फेकणारा आणि टोलवणारा एकच खेळाडू

बेसबॉलमध्ये चेंडू फेकणारा पिचर आणि बॅट घेऊन उभा राहणारा फलंदाज हे जवळजवळ दोन वेगळे व्यवसाय मानले जातात. शाळेत असताना चांगला खेळाडू दोन्ही कामे करतो, परंतु व्यावसायिक संघाशी करार झाला की त्याला एक वाट निवडावी लागते आणि दुसरी कायमची सोडावी लागते. जपानच्या शोहेई ओतानीने ही निवड केलीच नाही. आज तो जगातील सर्वांत लोकप्रिय बेसबॉलपटू आहे आणि अमेरिकेच्या मेजर लीगमध्ये वर्षातील सर्वोत्तम खेळाडूचा मान, म्हणजे एमव्हीपी, त्याने चार वेळा मिळवला आहे. चारही वेळा मतदान एकमताने झाले. त्याची गुणवत्ता असामान्य आहे यात शंका नाही. मात्र त्याची कारकीर्द समजून घ्यायची तर केवळ गुणवत्ता पाहून भागत नाही, कारण त्याला दोन्ही कामे करता यावीत म्हणून प्रशिक्षकांना, संघांना आणि अखेरीस नियमपुस्तकालाही आपली जुनी पद्धत बदलावी लागली.

क्रिकेट पाहणाऱ्या मराठी वाचकाला यात एवढे नवल काय, असा प्रश्न पडणे साहजिक आहे. कपिल देव गोलंदाजीही करत होते आणि फलंदाजीही, आणि अष्टपैलू खेळाडूचे आपल्याला कौतुक असले तरी आश्चर्य वाटत नाही. फरक आहे तो वेळापत्रकात आणि शरीरावर येणाऱ्या ताणात. मेजर लीगचा हंगाम सुमारे सहा महिन्यांचा असतो आणि तेवढ्या काळात प्रत्येक संघ १६२ सामने खेळतो, म्हणजे आठवड्याला सहा किंवा सात. सामन्याची सुरुवात करणारा पिचर एका दिवसात नव्वद-शंभर चेंडू पूर्ण ताकदीने फेकतो आणि मग साधारण चार दिवस त्याला सामन्यात उतरवत नाहीत. या चार दिवसांत तो खांदा आणि कोपर पूर्ववत करतो, हलका सराव करतो आणि पुढच्या प्रतिस्पर्ध्यांचा अभ्यास करतो. फलंदाज मात्र रोज खेळतो. दोन्ही कामे करायची याचा अर्थ पिचरच्या विश्रांतीचे दिवस फलंदाज म्हणून मैदानावर घालवायचे, आणि तेही महिनोन्महिने.

फलंदाजीची अडचण वेगळी आहे. पिचर उभा असतो ती जागा फलंदाजाच्या पुढ्यातील होम प्लेटपासून १८.४४ मीटर अंतरावर असते. ताशी १६० किलोमीटर वेगाने फेकलेला चेंडू हे अंतर सुमारे ०.४ सेकंदात कापतो, आणि त्यातच चेंडू कसा वळणार हे ओळखून बॅट फिरवायची की नाही हे ठरवावे लागते. दहापैकी तीन वेळा यशस्वी होणारा फलंदाज येथे चांगला समजला जातो. हे कौशल्य रोजच्या सरावावर टिकते. पाच दिवसांतून एकदा बॅट हाती घेणाऱ्या पिचरचे ते गंजते. म्हणूनच पिचर लोक फलंदाजीत इतके कच्चे राहिले, की मेजर लीगच्या अमेरिकन लीग आणि नॅशनल लीग या दोन विभागांपैकी अमेरिकन लीगने १९७३ मध्ये त्यांच्याऐवजी बॅटिंगला वेगळा माणूस पाठवण्याची सोय केली. या माणसाला डेझिग्नेटेड हिटर म्हणतात. तो क्षेत्ररक्षण करत नाही, फक्त फलंदाजी करतो. ओतानीच्या कहाणीत या नियमाला फार महत्त्व आहे.

दोन्ही कामे गंभीरपणे करणारा याआधीचा मोठा खेळाडू म्हणजे बेब रूथ. बोस्टनकडून तो पिचर म्हणून चमकला आणि १९१८ मध्ये त्याने पिचर म्हणून १३ सामने जिंकत (विजयाचे श्रेय एका पिचरच्या नावे नोंदले जाते) ११ होमरनही, म्हणजे क्रिकेटमधील षटकारासारखे मैदानाबाहेर जाणारे टोलेही मारले. पण १९२० मध्ये न्यूयॉर्क यांकीजकडे गेल्यानंतर त्याने पिचिंग जवळजवळ सोडले आणि त्या वर्षी ५४ होमरन मारले. त्यानंतर जवळपास शंभर वर्षे हा विषय मिटल्यासारखाच होता.

ओतानीचा जन्म ५ जुलै १९९४ रोजी जपानच्या उत्तरेकडील इवाते प्रांतातील ओशू येथे झाला. वडील कारखान्यात नोकरी करत आणि कंपनीच्या संघातून बेसबॉल खेळलेले होते, तर आई बॅडमिंटन खेळाडू होती. त्याच प्रांतातील हानामाकी हिगाशी या शाळेत तो प्रशिक्षक हिरोशी सासाकी यांच्या हाताखाली घडला. तेथे त्याने ८१ चौकोनांचा एक तक्ता भरला होता, ज्याच्या मध्यभागी जपानच्या आठ संघांची पहिली पसंती होण्याचे ध्येय होते आणि भोवती त्यासाठी लागणाऱ्या आठ गोष्टी, प्रत्येकीच्या आठ उपायांसह. त्यांपैकी एक गोष्ट ‘नशीब’ ही होती, आणि ते मिळवण्याच्या उपायांत कचरा उचलणे, खोली साफ ठेवणे आणि पंचांशी नीट वागणे हे लिहिलेले होते. हा तक्ता आज व्याख्यानांतून यशाचे सूत्र म्हणून मिरवला जातो. मला त्यात सूत्रापेक्षा एका शिस्तप्रिय शाळेतील मुलाचा गृहपाठ अधिक दिसतो, पण तक्त्यातील वेगाचे उद्दिष्ट त्याने खरोखर गाठले. २०१२ च्या उन्हाळ्यात प्रांतीय स्पर्धेत त्याने ताशी १६० किलोमीटर वेगाचा चेंडू फेकला. जपानमधील शालेय खेळाडूने तोपर्यंत हा वेग गाठला नव्हता. गंमत अशी, की त्या स्पर्धेच्या अंतिम सामन्यात त्याची शाळा हरली आणि जपानभर पाहिल्या जाणाऱ्या कोशिएनच्या राष्ट्रीय स्पर्धेला ती मुकली.

ऑक्टोबर २०१२ मध्ये त्याने जाहीर केले, की आपण जपानच्या लीगमध्ये न खेळता थेट अमेरिकेत जाणार. जपानमध्ये शालेय खेळाडूंची संघांमध्ये वाटणी निवड-प्रक्रियेने होते, आणि ‘मी येणारच नाही’ असे सांगणाऱ्या मुलावर पहिली निवड खर्च करणे म्हणजे ती वाया घालवणे असते. होक्काइदोच्या निप्पॉन-हॅम फायटर्स या संघाने नेमके तेच केले. संघाचे व्यवस्थापक हिदेकी कुरियामा यांच्याजवळ त्याला देण्यासाठी दोन गोष्टी होत्या. पहिली म्हणजे कमी वयात थेट परदेशी गेलेल्या आशियाई खेळाडूंचे पुढे काय झाले याचा तपशीलवार अहवाल. दुसरी गोष्ट निर्णायक ठरली: अमेरिकन संघांना तो पिचर म्हणून हवा होता, तर फायटर्सने त्याला पिचर आणि फलंदाज असे दोन्ही करू देण्याचे वचन दिले. डिसेंबरमध्ये त्याने होकार दिला.

जपानमधील अनेक जुन्याजाणत्या खेळाडूंना हा खेळाशी केलेला पोरखेळ वाटला. टीका निराधार नव्हती, कारण दोन्हींकडे मध्यम राहण्याचा धोका खरा होता. २०१४ मध्ये त्याने ११ सामने जिंकले आणि १० होमरन मारले. जपानच्या लीगमध्ये दोन्ही आकडे एकाच हंगामात दोन अंकी होण्याची ती पहिलीच वेळ होती. २०१६ चा हंगाम तर जपानमधील त्याचा कळस ठरला. जुलैमध्ये सॉफ्टबँक संघाविरुद्ध कुरियामा यांनी त्याला पिचर असूनही फलंदाजीत पहिल्या क्रमांकावर पाठवले, आणि सामन्याच्या पहिल्याच चेंडूवर होमरन मारून मग त्याने नऊपैकी आठ इनिंग (प्रत्येक संघ एकेकदा फलंदाजी करतो ती एक फेरी) एकही धाव दिली नाही. त्या वर्षी त्याची फलंदाजीची सरासरी .३२२ होती, म्हणजे दहापैकी तीनहून थोडे अधिक वेळा यश, आणि होमरन २२. पिचर म्हणून त्याने दहा विजय मिळवले आणि दर नऊ इनिंगमागे १.८६ धावा दिल्या. क्षेत्ररक्षणातील चुकांमुळे झालेल्या धावा वगळून काढलेली ही सरासरी तीनच्या खाली गेली तरी उत्तम मानतात. फायटर्सने त्या वर्षी हिरोशिमाला हरवून जपान सिरीज ही अंतिम मालिका जिंकली.

२०१७ च्या अखेरीस तो अमेरिकेला निघाला तेव्हा त्याचे वय २३ होते, आणि येथे पैशांचा एक विचित्र नियम आडवा आला. मेजर लीगमध्ये २५ वर्षांखालील परदेशी खेळाडूला नवशिका धरले जाते आणि त्याला द्यायच्या रकमेवर मर्यादा असते. लॉस एंजेलिस एंजल्सने त्याला करारापोटी २३ लाख डॉलरच्या आसपास रक्कम दिली, पहिल्या वर्षी लीगमधील किमान पगार दिला आणि त्याला सोडल्याबद्दल फायटर्सला २ कोटी डॉलर मोजले. दोन वर्षे थांबला असता तर याच माणसाला कित्येक पटींनी मोठा करार मिळाला असता. त्याने थांबायचे नाही असे ठरवले. पुढच्या प्रचंड कराराबद्दल बोलताना ही गोष्ट बहुतेक लोक विसरतात.

२०१८ मध्ये २२ होमरन आणि पिचर म्हणून दहा सामन्यांत चार विजय, एवढ्यावर त्याने अमेरिकन लीगचा सर्वोत्तम नवोदित खेळाडूचा मान मिळवला. पण त्याच वर्षी उजव्या कोपराने दगा दिला. कोपराच्या आतल्या बाजूला दंडाचे आणि हाताचे हाड जोडून ठेवणारा एक अस्थिबंध असतो. चेंडू फेकताना हात मागे वळून वेगाने पुढे येतो त्या क्षणी सर्वाधिक ताण याच अस्थिबंधावर येतो, आणि वर्षानुवर्षांच्या ताणाने तो फाटतो. १९७४ मध्ये डॉ. फ्रँक जोब यांनी टॉमी जॉन या पिचरच्या कोपरात शरीराच्या दुसऱ्या भागातील स्नायुबंध बसवून तो दुरुस्त केला, आणि तेव्हापासून या शस्त्रक्रियेला त्या पिचरचेच नाव आहे. त्यानंतर पुन्हा सामन्यात चेंडू फेकायला साधारण एक ते दीड वर्ष जाते. एरवी पिचर हा काळ मैदानाबाहेर काढतो. ओतानी उजव्या हाताने फेकतो, पण फलंदाजी डावखुरी करतो आणि बॅट फिरवताना कोपरावर येणारा ताण फेकण्याइतका नसतो, त्यामुळे २०१९ मध्ये तो डेझिग्नेटेड हिटर म्हणून खेळत राहिला. २०२० मध्ये पिचिंगचा प्रयत्न फसला आणि फलंदाजीची सरासरी .१९० वर घसरली. दोन्ही कामांचा हट्ट आता सोडावा, असे म्हणणाऱ्यांची संख्या तेव्हा पुन्हा वाढली.

२०२१ मध्ये व्यवस्थापक जो मॅडन यांनी त्याच्यावरील बंधने काढून टाकली. तोवर पिचिंगच्या आदल्या आणि दुसऱ्या दिवशी त्याला फलंदाजी करू दिली जात नव्हती. आता कधी खेळायचे, कधी थांबायचे हे त्याच्या सांगण्यावर सोडले गेले. त्या हंगामात त्याने ४६ होमरन मारले, नऊ सामने जिंकले आणि १५६ फलंदाजांना स्ट्राइकआउट केले, म्हणजे तीन स्ट्राइक (हुकलेले किंवा सोडून दिलेले योग्य चेंडू) देऊन बाद केले. लीगच्या निवडक ताऱ्यांच्या ऑल-स्टार सामन्यात तो पिचर आणि फलंदाज अशा दोन्ही नात्यांनी निवडला गेला, आणि वर्षअखेर त्याला पहिला एमव्हीपी मिळाला.

पण नियमाची अडचण तशीच होती. पिचरने स्वतः फलंदाजी करायची ठरवली तर संघाला डेझिग्नेटेड हिटर वापरता येत नसे, आणि पिचर थकून बाहेर गेला की त्याची फलंदाजीही संपत असे. सहाव्या इनिंगमध्ये ओतानीचा हात थकला, की एंजल्सला आपला सर्वांत धोकादायक फलंदाजही गमवावा लागे, नाहीतर त्याला क्षेत्ररक्षणासाठी बाहेरच्या भागात पाठवावे लागे. २०२२ पासून मेजर लीगने असा बदल केला, की सुरुवातीचा पिचर स्वतःचाच डेझिग्नेटेड हिटरही असू शकतो आणि त्या सामन्यात पिचिंग थांबवल्यावरही फलंदाज म्हणून खेळत राहू शकतो. नियम सर्वांसाठी आहे, पण लोक त्याला ‘ओतानी नियम’च म्हणतात. त्याच वर्षी नॅशनल लीगनेही डेझिग्नेटेड हिटर कायमचा स्वीकारला. हा बदल ओतानीसाठी केलेला नव्हता, तरी पुढे त्याचा सर्वाधिक फायदा त्यालाच झाला.

माझ्या मते त्याचा सर्वांत थोर हंगाम २०२२ चा आहे, आणि त्या वर्षी त्याला एमव्हीपी मिळाला नाही. यांकीजच्या ॲरन जजने ६२ होमरन मारून अमेरिकन लीगचा विक्रम मोडल्यामुळे तो मान त्याच्याकडे गेला. ओतानीने मात्र १६६ इनिंग पिचिंग केले आणि ६६६ वेळा फलंदाजी केली, म्हणजे पिचर आणि फलंदाज या दोन्ही क्रमवाऱ्यांत बसण्यासाठी लागणारा किमान वाटा त्याने एकाच वर्षी पूर्ण केला. आधुनिक मेजर लीगमध्ये हे कोणालाच जमले नव्हते, बेब रूथलाही नाही. १५ विजय, २१९ स्ट्राइकआउट, दिलेल्या धावांची २.३३ ची सरासरी आणि ३४ होमरन हे आकडे दोन वेगवेगळ्या खेळाडूंचे असते तरी दोघेही आपापल्या संघाचे तारे ठरले असते.

मार्च २०२३ मध्ये वर्ल्ड बेसबॉल क्लासिक या राष्ट्रीय संघांच्या स्पर्धेच्या अंतिम सामन्यात जपान आणि अमेरिका मायामीत समोरासमोर आले. जपानचे व्यवस्थापक होते तेच कुरियामा. सामन्याआधी ओतानीने सहकाऱ्यांना सांगितले, की समोरच्या अमेरिकन ताऱ्यांविषयी वाटणारे कौतुक आजच्या दिवसापुरते बाजूला ठेवू या. जपान ३-२ ने पुढे असताना शेवटच्या इनिंगसाठी तो पिचिंगला आला, आणि दोन गडी बाद झाल्यावर समोर उभा राहिला एंजल्समधील त्याचाच सहकारी माइक ट्राउट. तीन बॉल, दोन स्ट्राइक अशी स्थिती झाल्यावर, म्हणजे आणखी एक स्ट्राइक मिळाला की ट्राउट बाद अशा वेळी, ओतानीने बाहेर वळत जाणारा चेंडू फेकला, ट्राउटची बॅट हवेत फिरली आणि जपान विजेता ठरला. जपानमध्ये त्याची लोकप्रियता आधीच मोठी होती. त्या सामन्यानंतर तो घराघरातील मुलगा झाला. त्याच वर्षाच्या अखेरीस त्याने देशातील सुमारे वीस हजार प्राथमिक शाळांना मिळून साठ हजारांच्या आसपास बेसबॉलचे ग्लोव्ह भेट देण्याचे जाहीर केले.

एंजल्समध्ये ट्राउट आणि ओतानी हे दोघे सहा हंगाम एकत्र होते, तरी त्या काळात संघ एकदाही बाद फेरीत पोहोचला नाही. बेसबॉलमध्ये एक-दोन महान खेळाडू संघ तारू शकत नाहीत, हे याहून स्पष्टपणे दिसणे कठीण. ऑगस्ट २०२३ मध्ये कोपराचा अस्थिबंध पुन्हा फाटला आणि सप्टेंबरमध्ये पुन्हा शस्त्रक्रिया झाली. तरीही ४४ होमरन आणि दहा विजय यांच्या बळावर त्याला दुसरा एमव्हीपी मिळाला.

डिसेंबर २०२३ मध्ये लॉस एंजेलिस डॉजर्सने त्याच्याशी दहा वर्षांसाठी ७० कोटी डॉलरचा करार केला, म्हणजे त्या वेळच्या दराने सुमारे ५,८०० कोटी रुपये. मथळ्यातील हा आकडा खरा असला तरी दिशाभूल करणारा आहे. खेळत असताना ओतानीला वर्षाला फक्त २० लाख डॉलर मिळतात. उरलेले ६८ कोटी डॉलर २०३४ ते २०४३ या दहा वर्षांत, विनाव्याज, वर्षाला ६ कोटी ८० लाख या हिशेबाने मिळणार आहेत. दहा वर्षांनी मिळणाऱ्या रुपयाची आजची किंमत रुपयापेक्षा कमी असते, म्हणून लीगच्या हिशेबात या कराराचे मूल्य वर्षाला सुमारे ४ कोटी ६० लाख डॉलरच धरले जाते. याचा संबंध लीगच्या एका कराशी आहे. संघाचा एकूण पगारखर्च ठरावीक रेषेच्या वर गेला, की वरच्या रकमेवर दंडवजा कर भरावा लागतो, आणि ती रेषा मोजताना ओतानीचा आकडा सात कोटींऐवजी साडेचार कोटींच्या घरात धरल्याने डॉजर्सला इतर खेळाडू घ्यायला जागा मिळाली. त्याच महिन्यात त्यांनी जपानचा पिचर योशिनोबू यामामोतो याला साडेबत्तीस कोटी डॉलरला घेतले. रक्कम पुढे ढकलण्याची कल्पना ओतानीच्याच बाजूने आली होती; जाहिरातींतून त्याची कमाई इतकी होते, की पगारावाचून त्याचे अडत नाही. श्रीमंत संघ अशा करारांनी स्पर्धेचा समतोल बिघडवतात, ही तक्रार मात्र मला रास्त वाटते, भले डॉजर्सने नियमाबाहेर काही केलेले नसो.

२०२४ चा हंगाम दक्षिण कोरियातील सोलमध्ये सुरू होत असतानाच त्याचा दुभाषा आणि निकटचा सहकारी इप्पेई मिझुहारा याला डॉजर्सने काढून टाकले. बेकायदा सट्ट्यात झालेले नुकसान भागवण्यासाठी त्याने ओतानीच्या बँक खात्यातून जवळपास १ कोटी ७० लाख डॉलर चोरले होते, आणि त्यासाठी बँकेशी फोनवर बोलताना तो स्वतःला ओतानी म्हणवत होता. तपासयंत्रणांनी ओतानीला फसवणुकीचा बळी मानले. मिझुहाराने गुन्हा कबूल केला आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये त्याला ५७ महिन्यांची कैद झाली.

त्या वर्षी ओतानीला पिचिंग करता येत नव्हते, म्हणून त्याने धावण्याकडे लक्ष वळवले. धाव पूर्ण करण्यासाठी खेळाडूला क्रमाने गाठावे लागणारे टप्पे म्हणजे बेस, आणि पिचर चेंडू फेकत असताना धावत पुढचा बेस गाठणे याला बेस चोरणे म्हणतात. १९ सप्टेंबर २०२४ रोजी मायामीत त्याने एकाच सामन्यात तीन होमरन मारले आणि दोन बेस चोरले, आणि एका हंगामात दोन्हींत पन्नाशी गाठणारा तो पहिला खेळाडू झाला. हंगामाअखेर आकडे होते ५४ होमरन आणि ५९ चोरलेले बेस. बेसचा आकार २०२३ पासून वाढवल्यामुळे चोरी पूर्वीपेक्षा सोपी झाली आहे, हे लक्षात ठेवावे, पण त्याने विक्रमाचे मोल फारसे कमी होत नाही. नॅशनल लीगचा एमव्हीपी त्याला मिळाला तो केवळ डेझिग्नेटेड हिटर म्हणून, आणि असे याआधी कधी घडले नव्हते. नॅशनल लीगने दोन वर्षांपूर्वी तो नियम स्वीकारला नसता, तर दुखऱ्या कोपराचा ओतानी डॉजर्सकडून रोज खेळूच शकला नसता. वर्ल्ड सिरीजमध्ये, म्हणजे दोन्ही लीगच्या विजेत्यांच्या अंतिम मालिकेत, यांकीजविरुद्ध त्याचा डावा खांदा निखळला, तरी डॉजर्स जिंकले.

पिचर म्हणून तो परतला १६ जून २०२५ रोजी. सामान्यतः दुखापतीतून उठलेला पिचर आधी खालच्या लीगमध्ये सामने खेळून हात तयार करतो, पण ओतानीला तिकडे पाठवले असते तर डॉजर्सला त्याची बॅट गमवावी लागली असती. म्हणून त्याने ही तयारी मेजर लीगच्या खऱ्या सामन्यांतच केली, एका इनिंगपासून हळूहळू वाढवत. १७ ऑक्टोबर रोजी मिलवॉकीविरुद्ध नॅशनल लीगच्या अंतिम मालिकेत त्याने सहा इनिंगहून अधिक पिचिंग करताना एकही धाव दिली नाही, दहा फलंदाजांना स्ट्राइकआउट केले आणि त्याच सामन्यात तीन होमरन मारले. वर्ल्ड सिरीजमध्ये टोरांटोविरुद्ध अठरा इनिंग चाललेल्या तिसऱ्या सामन्यात तो नऊ वेळा बेसवर पोहोचला; त्यांपैकी चार वेळा समोरच्या संघाने त्याला टोलवण्याची संधीच न देता जाणूनबुजून बेस बहाल केला. सातव्या सामन्यात मात्र तीन दिवसांच्या विश्रांतीवर पिचिंगला उतरलेल्या ओतानीला तिसऱ्या इनिंगमध्ये बो बिशेटने तीन धावांचा होमरन मारला. डॉजर्सने तो सामना अकराव्या इनिंगमध्ये ५-४ असा जिंकला आणि मालिकेचा सर्वोत्तम खेळाडू ठरला यामामोतो.

चौथा एमव्हीपी मिळाला तेव्हा ओतानी ३१ वर्षांचा होता. डॉजर्सबरोबरचा त्याचा करार तो ३९ वर्षांचा होईपर्यंत चालणार आहे. दोनदा शस्त्रक्रिया झालेल्या कोपरावर तिसरीही झाली आणि पिचर पूर्वीसारखा परतला, असे फार थोड्यांच्या बाबतीत घडते. त्यामुळे पुढच्या काही वर्षांत डॉजर्सला त्याची डावखुरी फलंदाजी टिकवण्यासाठी त्याला उजव्या हाताने किती चेंडू फेकू द्यायचे, हा हिशेब दर आठवड्याला मांडावा लागणार आहे.